डेरेक अँड द डॉमिनोज : श्रवणबैठकीत 'लैला'पासून सुरुवात करावी का?

मुरारजी_पेठ (प्रश्न)

नमस्कार.

सोलापुरात आम्ही दहा-बारा जण महिन्यातून एका रविवारी एकत्र बसतो आणि एखादा अल्बम सुरुवातीपासून शेवटपर्यंत, मध्ये न बोलता ऐकतो. मंडळाला नाव नाही आणि वर्गणीही नाही. ज्याच्या घरी बैठक असेल त्याने चहा आणि शेंगापोळी द्यायची आणि ऐकण्यापूर्वी पंधरा मिनिटे त्या संगीताविषयी बोलायचे, एवढाच नियम आहे. आजवर नाट्यसंगीत, अभंग, ख्याल आणि अधूनमधून गझल झाली. येत्या रविवारची बैठक माझ्याकडे असून मी, काहींची नाराजी पत्करून, डेरेक अँड द डॉमिनोज या गटाचा 'लैला अँड अदर असॉर्टेड लव्ह साँग्ज' हा १९७० सालचा ब्लूज रॉक (अमेरिकेच्या दक्षिणेतील कृष्णवर्णीयांच्या 'ब्लूज' या गायनप्रकारावर उभा राहिलेला रॉक) अल्बम निवडला आहे.

माझी या अल्बमशी ओळख उलट्या बाजूने झाली. नव्वदच्या दशकात नवी पेठेतून घेतलेल्या एका कॅसेटवर याच गटाचा प्रमुख, इंग्लिश गिटारवादक-गायक एरिक क्लॅप्टन याने साध्या गिटारीवर, संथ लयीत गायलेले 'लैला' ऐकले आणि हे गाणे मुळातच तसे आहे, अशी माझी कित्येक वर्षे समजूत होती. मूळ ध्वनिमुद्रण पहिल्यांदा कानावर पडले तेव्हा मी अक्षरशः दचकलो. तोच धक्का मंडळींनाही द्यावा, म्हणून बैठकीची सुरुवात या गाण्यानेच करावी असे माझ्या मनात आहे.

मात्र गेल्या आठवड्यात रंगीत तालीम म्हणून मी आमच्यातील सर्वांत ज्येष्ठ सभासदांना अल्बमची पहिली बाजू ऐकवली. ते गिरणीत हिशेबनीस होते आणि पेटी उत्तम वाजवतात. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि मग तीन गोष्टी विचारल्या, ज्या तिन्हींवर मी अडखळलो. ही लैला म्हणजे मजनूचीच लैला का? दोन-दोन गिटारी एकमेकींना सोडायला तयार नाहीत, तर यात मुख्य कोण आणि साथीला कोण? आणि वाजवणारे एवढे तयारीचे असताना, तुम्ही म्हणता त्याप्रमाणे, त्या काळी हा अल्बम कोणी विचारला कसा नाही? जाणकारांनी मार्गदर्शन केल्यास पंधरा मिनिटांत काय सांगावे आणि काय गाळावे हे मला ठरवता येईल.

(प्रास्ताविकात मिसिसिपीचा कापूस आणि सोलापूरचा कापूस यांची सांगड घालण्याचा मोह झाला होता, घरातूनच विरोध झाल्याने तो परिच्छेद मी काढून टाकला आहे.)

---

जुनी_तबकडी

कापूस काढलात हे उत्तम केले. ब्लूज म्हटले की कापसाची शेते दाखवण्याचा जो रिवाज पडला आहे, त्याने संगीताविषयी काहीच कळत नाही.

आपल्या ज्येष्ठांच्या दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण या अल्बमचे सारे मर्म त्या प्रश्नात आहे. मात्र आधी एक दुरुस्ती. आपण त्यांना पहिली बाजू ऐकवलीत आणि त्या बाजूवरील पहिल्या तीन गाण्यांत दुसरा गिटारवादक मुळी नाहीच. 'आय लुक्ड अवे', 'बेल बॉटम ब्लूज' आणि 'कीप ऑन ग्रोइंग' ही गाणी ड्वेन ऑलमन येण्यापूर्वी ध्वनिमुद्रित झाली होती. तिथे एकमेकींना न सोडणाऱ्या ज्या गिटारी ऐकू येतात त्या सगळ्या क्लॅप्टनने एकावर एक चढवलेल्या आहेत. ऑलमन चौथ्या गाण्यापासून येतो आणि मग शेवटपर्यंत राहतो. चौदापैकी अकरा गाण्यांत तो आहे.

तो कसा आला, हे सांगण्याजोगे आहे. क्लॅप्टन १९६८ मध्ये 'क्रीम' या गटातून आणि १९६९ मध्ये 'ब्लाइंड फेथ' या गटातून बाहेर पडला तेव्हा स्वतःच्या प्रसिद्धीला तो विटलेला होता. त्यानंतर तो डिलेनी अँड बॉनी यांच्या ताफ्यात चक्क साथीदार म्हणून हिंडला. त्याच ताफ्यातील बॉबी व्हिटलॉक (ऑर्गन-पियानो), कार्ल रेडल (बेस गिटार) आणि जिम गॉर्डन (ड्रम) या तिघांना घेऊन त्याने १९७० च्या उन्हाळ्यात हा गट उभा केला, बीटल्समधील जॉर्ज हॅरिसनच्या 'ऑल थिंग्ज मस्ट पास' या अल्बमसाठी चौघांनी वाजवले, ब्रिटनमधील लहानसहान क्लबांत टोपणनावाने कार्यक्रम केले आणि ऑगस्टअखेर मंडळी मायामीच्या क्रायटेरिया स्टुडिओत दाखल झाली. निर्माता टॉम डाउड होता. हा गृहस्थ तरुणपणी अणुबॉम्बच्या मॅनहॅटन प्रकल्पात काम केलेला. नंतर अटलांटिक कंपनीत त्याने आठ ट्रॅकचे ध्वनिमुद्रण रुळवले.

पहिल्या काही दिवसांत काम फारसे पुढे सरकले नाही. हाताशी थोडी गाणी होती, पण कुठे पोचायचे ते ठरलेले नव्हते. योगायोग असा की डाउड त्याच सुमारास ड्वेनच्या ऑलमन ब्रदर्स या गटाच्या दुसऱ्या अल्बमवर काम करत होता आणि २६ ऑगस्ट रोजी त्या मंडळींचा मायामीतच कार्यक्रम होता. डाउड क्लॅप्टनला तिथे घेऊन गेला आणि मंचासमोरच बसवले. डोळे मिटून वाजवणाऱ्या ड्वेनने मध्येच डोळे उघडले, समोर क्लॅप्टन दिसला आणि त्याचे हात थांबले, अशी हकीकत सांगतात. त्या रात्री दोन्ही गट स्टुडिओत परतले आणि सकाळपर्यंत वाजवत बसले.

आता मुख्य कोण? आपले ज्येष्ठ पेटी वाजवतात, म्हणून त्यांना त्यांच्याच भाषेत सांगा. चांगला पेटीवाला गायकाच्या मागे नुसता चालत नाही; गायकाने तान जिथे सोडली तिथून तो ती उचलतो, तिला क्षणभर खेळवतो आणि योग्य जागी परत हवाली करतो. इथे दोघेही गायक आणि दोघेही पेटीवाले आहेत. दोघांची ओळख पटवण्याची खूण सोपी आहे. ऑलमन बोटात औषधाची काचेची कुपी घालून ती तारेवरून फिरवतो. सर्दीच्या गोळ्यांची ती कुपी होती. त्यामुळे पडद्यांच्या पायऱ्या पुसल्या जातात आणि सलग मींड ऐकू येते. क्लॅप्टन तार दाबून बाजूला खेचतो. त्याचा स्वर वर चढतो, पण त्या चढण्यात बोटाचा जोर जाणवतो. शिवाय क्लॅप्टनची फेंडर स्ट्रॅटोकास्टर अधिक पातळ आणि टोकदार वाजते, तर ऑलमनची गिब्सन भरदार.

'हॅव यू एव्हर लव्ड अ वूमन' या विलंबित ब्लूजमध्ये हे सर्वांत स्वच्छ ऐकू येते. बारा मात्रांचे नव्हे, बारा खंडांचे आवर्तन आहे, हे आधीच सांगा, म्हणजे मंडळी मात्रा मोजत बसणार नाहीत. आणि गांधाराकडे लक्ष द्यायला सांगा. ब्लूजमधला गांधार कोमलही नसतो आणि शुद्धही नसतो. तो दोहोंच्या मध्ये कुठेतरी, त्या-त्या क्षणी लागेल तिथे असतो. पेटीवर तो मिळत नाही. आपल्या ज्येष्ठांना याचे दुःख निश्चितच कळेल.

'लैला'ने सुरुवात करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. त्या मंडळींनी स्वतःच ते तेराव्या क्रमांकावर ठेवले आहे. चौदावे 'थॉर्न ट्री इन द गार्डन' हे व्हिटलॉकचे शांत गाणे, सर्वांनी मायक्रोफोनभोवती वर्तुळात बसून वाजवलेले. तासाभराहून अधिक काळ ऐकल्यावर जे यायचे, ते आधी वाजवले तर पुढच्या साऱ्याला उतारावर चालल्यासारखे वाटेल. एकच गाणे आधी ऐकवायचे असेल तर 'की टू द हायवे' ऐकवा. शेजारच्या खोलीत दुसरा एक गायक हे जुने गाणे ध्वनिमुद्रित करत होता. ते कानावर आले आणि ही मंडळी न ठरवता तेच वाजवू लागली. यंत्र सुरू करायलाही कोणी नव्हते. डाउडने धावपळ करून टेप सुरू करवली तोवर गाणे चालू झाले होते, म्हणून तबकडीवर ते शून्यातून हळूहळू मोठे होत येते आणि पुढे नऊ मिनिटांहून अधिक चालते.

---

साउंडवाला_अक्कलकोट_रोड

संगीताचे शास्त्र मला येत नाही. मी लग्न, जयंती आणि गणपतीला साउंड भाड्याने देतो आणि फावल्या वेळात जुने व्हॉल्व्हचे रेडिओ दुरुस्त करतो, त्यामुळे वरील प्रतिसादात सुटलेली एक बाब लिहितो.

या अल्बममध्ये दोन्ही गिटारवादकांनी फेंडरचे छोटे अँप वापरले. 'चॅम्प' नावाच्या अँपची शक्ती साधारण पाच वॅट, आत एकच ६व्ही६ व्हॉल्व्ह आउटपुटला आणि आठ इंची स्पीकर. ज्यांच्या आजोबांच्या घरी व्हॉल्व्हचा रेडिओ होता त्यांनी त्याचे मागचे झाकण आठवावे. आतले काम जवळपास तेवढेच असते. हाच क्लॅप्टन दोन-तीन वर्षांपूर्वी 'क्रीम'मध्ये शंभर वॅटचे मार्शल अँप मागे रचून वाजवत होता, हे लक्षात घेतले म्हणजे फरक कळतो. आमच्या धंद्यात पाच वॅट म्हणजे चेष्टा आहे. एवढ्यात नवरदेवाच्या घोड्यालाही ऐकू जाणार नाही.

परंतु स्टुडिओत याचा फायदा मोठा आहे. व्हॉल्व्हचा अँप त्याच्या कुवतीच्या टोकाला नेला की आवाज फाटू लागतो. आम्ही ज्याला 'फाटला' म्हणून शिव्या खातो, तोच ब्लूज रॉकमध्ये हवा असतो, कारण त्याने स्वर जाड होतो आणि जास्त वेळ टिकतो. शंभर वॅटचा अँप फाटेपर्यंत वाढवायचा तर खोलीत उभे राहणे अशक्य होते आणि ड्रमच्या माइकमध्येही गिटारच शिरते. पाच वॅटचा अँप लवकर फाटतो आणि तरीही दोन माणसे एकाच खोलीत समोरासमोर बसून एकमेकांचे ऐकत वाजवू शकतात. वरच्या प्रतिसादात तान उचलण्याचे जे वर्णन आले आहे, ते मोठ्या आवाजात घडलेच नसते, असे मला वाटते. एकमेकांचे नीट ऐकू आल्याशिवाय कोण काय उचलणार?

प्रश्नकर्त्यांना विनंती की बैठकीला तो रंगीत दिव्यांचा मोठा स्पीकर आणू नये. दोन लहान स्पीकर, सहा-सात फुटांच्या अंतरावर, कानाच्या उंचीवर ठेवावेत आणि बेसचे बटण मध्यावर असू द्यावे. मूळ मिश्रण (मिक्सिंग) थोडे गढूळ आहेच. बेस वाढवला तर पियानो आणि ऑर्गन पूर्ण बुडतील. १९९० साली या अल्बमचे नव्याने मिश्रण केलेली आवृत्ती निघाली. ती अधिक स्वच्छ आहे, पण मला ती धुऊन इस्त्री केल्यासारखी वाटते. सोय असल्यास जुनेच मिश्रण वाजवावे.

---

होटगी_रोड

वरील दोन्ही प्रतिसाद माहितीपूर्ण आहेत. तिसऱ्या प्रश्नाकडे मात्र कोणी वळले नाही आणि तिथे एक दंतकथा आहे, जी बैठकीत जशीच्या तशी सांगितली जाऊ नये.

"त्या काळी कोणी विचारला नाही" हे अर्धेच खरे आहे. नोव्हेंबर १९७० मध्ये आलेला हा दुहेरी अल्बम अमेरिकेतील बिलबोर्डच्या खपाच्या यादीत सोळाव्या स्थानापर्यंत चढला होता. दोन तबकड्यांच्या महाग संचाला, आणि तेही ऐकिवात नसलेल्या नावाच्या गटाच्या, हे स्थान मिळणे म्हणजे अपयश नव्हे. अपयश खऱ्या अर्थाने ब्रिटनमध्ये आले. क्लॅप्टनच्या स्वतःच्या देशात अल्बम तेव्हा यादीतच शिरला नाही. समीक्षकांचेही एकमत नव्हते. काहींना तो पसरट आणि भरताड वाटला, तर रॉबर्ट ख्रिस्टगाऊसारख्या समीक्षकाने त्याला सर्वोच्च श्रेणी दिली.

कारण बव्हंशी स्वयंकृत होते. मुखपृष्ठावर फुलांसह एका स्त्रीचे चित्र आहे. गटाचे नाव नाही, अल्बमचे नाव नाही आणि क्लॅप्टनचे तर नाहीच नाही. हा त्याचाच आग्रह होता. दुकानात तबकड्या चाळणाऱ्या माणसाने हे काय समजून घ्यावे? शेवटी कंपनीने 'डेरेक म्हणजेच एरिक' असे लिहिलेले बिल्ले वाटले, म्हणजे ज्याला लपायचे होते त्याच्या दाराबाहेर पाटी लावली. मला या गोष्टीतील क्लॅप्टनविषयी जी सहानुभूती बाळगली जाते ती थोडी अनाठायी वाटते. नावाशिवाय कामाची परीक्षा व्हावी ही इच्छा चांगली. पण परीक्षा झाली आणि गुण कमी मिळाले म्हणून तो खचला, हेही तितकेच खरे.

पुढचे सारे वेगाने घडले. दुसऱ्या अल्बमचे काम १९७१ मध्ये अर्धवट राहून गट फुटला. त्याच वर्षी २९ ऑक्टोबरला ड्वेन ऑलमन मोटारसायकलच्या अपघातात गेला. तो अवघा २४ वर्षांचा होता. क्लॅप्टन हेरॉइनच्या आहारी जाऊन घरात बंद झाला. रविशंकर आणि हॅरिसन यांच्या ऑगस्ट १९७१ मधील न्यूयॉर्कच्या बांगलादेश मदत कार्यक्रमात तो वाजवताना दिसला, त्यानंतर जानेवारी १९७३ पर्यंत तो मंचावर क्वचितच आला.

मग गाणे गाजले कसे? १९७१ मध्ये 'लैला' कापून पावणेतीन मिनिटांचे करून एकेरी तबकडीवर काढले होते, ते पडले. १९७२ मध्ये क्लॅप्टन आणि ऑलमन या दोघांचेही वेगवेगळे निवडक संग्रह निघाले आणि दोन्हींत हे गाणे होते. त्याच वर्षी संपूर्ण सात मिनिटांचे गाणे पुन्हा एकेरी तबकडीवर आले आणि अमेरिकेत दहाव्या, ब्रिटनमध्ये सातव्या स्थानावर गेले. १९८२ मध्ये ते ब्रिटनमध्ये पुन्हा काढले गेले तेव्हा चौथ्या स्थानावर पोचले. म्हणजे श्रोत्यांनी गाणे नाकारले नव्हते. त्याचा उत्तरार्ध कापून दिलेला तुकडा नाकारला होता. गाणे गाजले तेव्हा गट उरला नव्हता आणि ते वाजवणाऱ्यांपैकी एक जण जगातच नव्हता.

त्या उत्तरार्धाबद्दल एक सांगायला हवे. तो पियानोचा भाग काही आठवड्यांनी स्वतंत्रपणे ध्वनिमुद्रित करून मागे जोडलेला आहे आणि त्याचे श्रेय जिम गॉर्डनला दिलेले आहे. गायिका रीटा कूलिज यांनी मात्र आपल्या आत्मचरित्रात ती चाल आपण गॉर्डनसोबत रचल्याचे आणि आपले नाव वगळले गेल्याचे लिहिले आहे; व्हिटलॉकनेही त्यांच्या म्हणण्याला दुजोरा दिला. पंधरा मिनिटांपैकी एक मिनिट या गोष्टीला द्यावे, अशी माझी विनंती आहे.

आणि माझ्या कानाला त्या भागातील ऑलमनची गिटार जागोजागी स्वराच्या किंचित वर चढलेली ऐकू येते. तिथे तो पडदे संपतात त्याच्याही पुढे कुपी नेतो; त्या भागात स्वर इतके जवळ येतात की केसभर चुकले तरी बेसूर होते. आपले ज्येष्ठ ते पकडतीलच, तेव्हा तयारी ठेवावी.

---

विजापूर_वेस

लैला तीच आहे.

बारावे शतक संपता संपता, ११८८ मध्ये, आजच्या अझरबैजानातील गंजा येथील निझामी या कवीने फारसीत 'लैला व मजनू' लिहिले. मजनू हे त्याचे नाव नव्हे. नाव कैस, आणि मजनू म्हणजे झपाटलेला, वेडा. आमच्या घरी दखनी बोलतात, त्यामुळे ही गोष्ट कोणी शिकवावी लागली नाही. लहानपणी फार भटकणाऱ्या मुलाला 'मजनू झालास का' असेच विचारत. क्लॅप्टनला ही कथा इयान डॅलस या मित्राकडून कळली. क्लॅप्टन त्या वेळी जॉर्ज हॅरिसनच्या पत्नीवर, पॅटी बॉइडवर, प्रेम करत होता, हे आता जगजाहीर आहे.

परंतु एक भेद स्पष्ट करावा. निझामीच्या कथेत लैलाचे वडील नकार देतात आणि तिचे लग्न दुसऱ्याशी लावतात. लैलाच्या मनात कैसच असतो. मायामीच्या गाण्यात प्रियकर एका विवाहितेला विनवतो आहे आणि ती त्याच्यावर प्रेम करते की नाही, हे त्यालाच ठाऊक नाही. नाव तेवढे उसने घेतले आहे. निझामी खऱ्या अर्थाने आहे तो दुसऱ्या बाजूच्या पहिल्या गाण्यात, 'आय ॲम युवर्स'मध्ये. तिथे शब्दांचे श्रेयच क्लॅप्टनसह निझामीला दिलेले आहे. आठशे वर्षांपूर्वीचा फारसी कवी अमेरिकी ब्लूज रॉकच्या तबकडीवर गीतकार म्हणून छापला गेला, ही गोष्ट मला 'लैला'च्या गोंगाटापेक्षा अधिक मोलाची वाटते. बैठकीत ते छोटे गाणे घाईने पुढे ढकलू नये.

---

मुरारजी_पेठ

सर्वांचा अत्यंत आभारी आहे. 'लैला'ने सुरुवात करण्याचा बेत रद्द केला आहे. प्रास्ताविकात निझामीला तीन मिनिटे, पाच वॅटच्या अँपला तीन, कूलिज यांना एक आणि उरलेला वेळ मायामीतील त्या रात्रीला, अशी वाटणी केली आहे. बिल्ल्यांची गोष्ट सांगायची की नाही हे ठरलेले नाही, कारण तिने हशा पिकेल आणि मग मंडळी गंभीर व्हायला वेळ लागेल.

काल संध्याकाळी ज्येष्ठांना पुन्हा बोलावून सांगितलेल्या पद्धतीने दोन लहान स्पीकर मांडले आणि आधी काहीही न सांगता 'की टू द हायवे' लावले. पहिले काही क्षण आवाज अगदी बारीक आला. ते खुर्चीतून उठले, "अहो, कुठेतरी वायर ढिली आहे," असे म्हणत अँपजवळ गेले आणि आवाजाच्या बटणाला हात घालणार, इतक्यात गाणे आपले आपणच वर आले. बटणावर बोटे तशीच ठेवून ते नऊ मिनिटे उभ्यानेच ऐकत राहिले. गाणे संपल्यावर गांधाराविषयी विचारले. मी उत्तर दिले. त्यांनी माझी पेटी पुढे ओढली, दोन्ही गांधार एकत्र दाबून पाहिले, मान हलवली आणि पेटी बंद केली.

रविवारी ते एक तास लवकर येणार आहेत. चौथी बाजू आधी एकट्याने ऐकायची आहे, असे म्हणाले.